अक्षय थाळी
(तृतीय वर्ष कला, मराठी विशेष)

शास्त्र शाखेच्या भित्तिपत्रकावर शोभेल असा विषय कला शाखेच्या विद्यार्थिनीने वार्षिक अंकात का आणावा, असे संपादक मंडळाने मला विचारले नाही, हा त्यांचा मोठेपणा. वाचक मात्र विचारतील. आमच्या वर्गातल्या निम्म्या मंडळींनी दहावीनंतर विज्ञानाला लांबूनच हात जोडले आणि उरलेल्यांना तिकडे प्रवेश मिळाला नाही, असा बाहेरच्या लोकांचा समज आहे. (तो दूर करण्याच्या भानगडीत आपण पडत नाही, कारण त्यात थोडे तथ्यही आहे!) तेव्हा आधीच सांगून टाकते, की पुढे एकही सूत्र येणार नाही. येणार आहे ती एक थाळी, एक वडी आणि एक बोट.

या तिघांच्या मेळातून जे उपकरण होते त्याचे नाव इलेक्ट्रोफोरस. ग्रीक भाषेत इलेक्ट्रॉन म्हणजे अंबर. आपल्याकडे त्याला तृणमणी म्हणतात. घासला की गवताची काडी ओढून घेतो म्हणून तृणमणी. फोरस म्हणजे वाहून नेणारा. थोडक्यात, हा विजेचा भारवाहक. घडण इतकी साधी, की त्याला यंत्र म्हणायला जीभ रेटत नाही. राळेसारख्या, विजेला वाट न देणाऱ्या पदार्थाची एक सपाट गोल वडी. तिच्यावर ठेवायची धातूची थाळी, वडीपेक्षा किंचित लहान. थाळीच्या मध्यावर काचेची किंवा एबोनाइटची उभी मूठ. बस्स! चाक नाही, तार नाही, कळ नाही.

वापरण्याची रीतही तशीच. वडी लोकरी कापडाने किंवा मांजराच्या कातड्याने खसाखसा घासायची. मुठीला धरून थाळी तिच्यावर ठेवायची. थाळीला वरून क्षणभर बोट लावायचे आणि काढून घ्यायचे. मग मुठीला धरून थाळी वर उचलायची. आता तिच्या काठाजवळ बोटाचे पेर न्या. 'चट्' असा आवाज होतो, निळसर ठिणगी उडते आणि पेराला टाचणी टोचल्यासारखे वाटते. थाळी रिकामी झाली. पण वडी नाही! थाळी पुन्हा वडीवर ठेवा, बोट लावा, काढा, उचला, पुन्हा ठिणगी. दहा वेळा करा, पन्नास वेळा करा. हवा कोरडी असेल तर दुसऱ्या दिवशी येऊन करा. वडी पुन्हा घासावी लागत नाही. एकदा दिलेल्या घर्षणावर ती देतच राहते.

हे वाचून कला शाखेच्या माणसाला दुसरे काय आठवणार? वनपर्वातली ती थाळी. पांडव वनवासाला निघाले, मागे ब्राह्मणांचा मेळा. त्यांना जेवू काय घालायचे या विवंचनेत असलेल्या युधिष्ठिराला सूर्याने तांब्याचे पात्र दिले. त्यातले अन्न सरत नसे. मात्र एक अट होती. द्रौपदी जेवली, की त्या दिवसापुरते पात्र रिकामे. लहानपणी मला या अटीचा राग येई. देव द्यायचेच म्हणतो, तर त्यात ही मेख कशाला? पुढे थोडे वाचन झाल्यावर वाटू लागले, की त्या कथेतला सर्वांत शहाणा भाग ही अटच आहे. पात्र अक्षय होते हे खरे. पण त्यातून वाढणारा हात एका बाईचा होता, आणि त्या हाताने शेवटी स्वतःपुरते घेऊन दमून बसायचे ठरवले, की अक्षयपणही तेवढ्यापुरते थांबत होते.

असो. युरोपातल्या थाळीकडे वळू.

अठराव्या शतकाच्या मध्यावर युरोपात विजेचे मोठे वेड होते. राजदरबारात, विद्वानांच्या बैठकीत, श्रीमंतांच्या दिवाणखान्यात विजेचे खेळ चालत. वीज मिळवायची तर काचेचा गोळा चाकाला जोडून गरागरा फिरवायचा आणि त्यावर हात नाहीतर कातड्याची उशी दाबून धरायची. यंत्र मोठे, नाजूक आणि महागडे. फिरवायला एक माणूस लागायचाच. त्याचा हात थांबला, की वीज थांबली. चित्रांतून हे प्रयोग पाहावेत, तर मध्ये झगा घातलेले विद्वान, भोवती पंखे घेतलेल्या स्त्रिया आणि कडेला चाकाचा दांडा धरून वाकलेला एक कुणीतरी.

१७६२ मध्ये स्टॉकहोममध्ये योहान कार्ल विल्के या संशोधकाने काचेचे तावदान आणि त्याला लावता-काढता येणारे धातूचे पत्रे घेऊन प्रयोग केले, तेव्हा हे न सरणे त्याच्या लक्षात आले. त्याने ते नोंदवलेही. पण जगाच्या हाती ते आले तेरा वर्षांनी. इटलीतल्या कोमो गावचा अलेस्सांद्रो व्होल्टा तेव्हा तीस वर्षांचा होता. १० जून १७७५ या दिवशी त्याने इंग्लंडातल्या जोसेफ प्रीस्टलीला पत्र लिहून आपल्या नव्या उपकरणाची वर्दी दिली. नाव ठेवले 'एलेत्त्रोफोरो पेर्पेतुओ', म्हणजे अखंड चालणारा विद्युतवाहक. काचेऐवजी त्याने वडी घेतली: तीन भाग टर्पेंटाइन, दोन भाग राळ, एक भाग मेण, एकत्र शिजवून धातूच्या ताटलीत ओतलेले. (आपल्या आया वड्या थापतात त्याहून पाककृती काही अवघड नाही.) स्वस्त, सुटसुटीत, पडले तर फार नुकसान नाही. काही वर्षांतच ते युरोपभर पसरले. याच थाळ्यांशी खेळता खेळता व्होल्टाने १७८२ मध्ये अगदी क्षीण वीजही पकडणारे साठवणीचे साधन केले, आणि त्याच वाटेने पुढे जात १८०० साली जगातली पहिली विद्युतघटमाला. आज घराघरांतल्या विजेच्या दाबाला आपण व्होल्ट म्हणतो तो या माणसाच्या नावाने. पण त्याच्या नावाचा पहिला डंका वाजवला तो या राळेच्या वडीने.

आता ती न सरण्याची करामत. पाठ्यपुस्तकात तिला प्रवर्तन म्हणतात. मला ती कळली ती आपल्या वर्गाच्या उदाहरणाने, आणि तुम्हालाही तशीच कळेल.

समजा, तास रिकामा आहे. वर्गात अभ्यासू आणि टवाळ अशी दोन्ही जातींची मुले सारख्या संख्येने मिसळून बसली आहेत. एवढ्यात समोरच्या दारात एक कडक सर येऊन उभे राहतात. आत पाऊलही टाकत नाहीत, नुसते उभे. काय होते? अभ्यासू मंडळी पुढच्या बाकांकडे ओढली जातात आणि टवाळ मागच्या भिंतीशी गोळा होतात. वर्गाची एकूण संख्या तीच, पण वाटणी झाली. वडीवर थाळी ठेवल्यावर नेमके हेच घडते. घासलेल्या वडीवर ऋण प्रभार असतो. तो थाळीत उतरत नाही. कारण वडी विजेला वाहू देत नाही आणि दोन्ही पृष्ठभाग एकमेकांना मोजक्याच ठिकाणी टेकतात. पण त्याच्या नुसत्या सान्निध्याने थाळीतला धन प्रभार खालच्या अंगाला ओढला जातो आणि ऋण प्रभार वरच्या अंगाला ढकलला जातो.

आता कुणीतरी मागचे दार उघडले. टवाळांना आणखी काय हवे? सगळे पसार! थाळीला बोट लावणे म्हणजे हे मागचे दार उघडणे. वरचा ऋण प्रभार बोटातून, अंगातून जमिनीत निघून जातो. मग दार लावून घ्यायचे, म्हणजे बोट काढायचे. हे मात्र सर समोर असतानाच करायला हवे; सर आधी गेले आणि दार उघडे राहिले तर पळालेले सगळे परत येऊन बसतील. दार लागले, मग सर निघून गेले. आता वर्गात पाहाल तर नुसते अभ्यासूच! उचललेल्या थाळीत तसा नुसता धन प्रभार उरतो, आणि कुणाचे बोट जवळ आले की ठिणगी होऊन त्याच्याकडे झेप घेतो.

यात सरांचे काय खर्च झाले? काहीच नाही. ते आले, उभे राहिले, गेले. दुसऱ्या वर्गासमोर जाऊन ते हेच करू शकतात. वडी सरत नाही ती याच कारणाने. ती आपल्यातले काही देतच नाही. ती दुसऱ्याच्या अंगी जे आहे त्याची नुसती उभारणी बदलते. चांगल्या शिक्षकाविषयी आपण 'त्यांनी आम्हाला दिले' असे म्हणतो, तेव्हाही बहुधा असेच काही घडलेले असते.

पण मग ठिणगीतली ऊर्जा आली कुठून? ती तर खरी आहे. आवाज होतो, उजेड पडतो, पेर झिणझिणते. फुकटात तर जगात काही मिळत नाही. व्होल्टाने 'अखंड' म्हटले म्हणून निसर्गाने हिशेब सोडलेला नाही. याचे उत्तर मला पुस्तकात मिळण्याआधी अण्णांकडून मिळाले.

अण्णा, म्हणजे माझे वडील, तालुक्याच्या गावातल्या एका माध्यमिक शाळेत प्रयोगशाळा परिचर होते. १९८८ साली लागले आणि २०१९ साली निवृत्त झाले. मुलांचे ते 'मामा'. तपेल्या, परीक्षानळ्या, चंचुपात्रे धुणे, स्पिरिटच्या दिव्यांच्या वाती कापणे, चुंबके जोडीने बांधून ठेवणे, सापाच्या बरणीतले फॉर्मेलीन पाहणे, ही त्यांची कामे. शाळेकडे एक जुना इलेक्ट्रोफोरस होता. राळेऐवजी एबोनाइटची काळी तबकडी आणि तिच्यावर पितळी थाळी. एबोनाइटला उजेड सोसत नाही. उघड्यावर राहिले तर ते तपकिरी पडते आणि त्याचा पृष्ठभाग वीज धरेनासा होतो. म्हणून अण्णा ती तबकडी काळ्या कापडात गुंडाळून कपाटाच्या तळच्या खणात ठेवत. त्याच खणात ६० वॅटचा एक दिवा बसवून घेतला होता. प्रयोगाच्या आदल्या दिवशी तो लावून ठेवायचा, म्हणजे दमटपणा जातो.

स्थितिक विजेचा धडा पुस्तकात कुठेही असो, आमच्या शाळेत तो दिवाळीनंतर होई, आणि त्याला कारण अण्णा. पावसाळ्यात हवेतल्या ओलाव्याने वडीवरचा प्रभार बघता बघता निघून जातो. श्रावणात तुम्ही कितीही घासा, थाळी मुकी ती मुकीच. नवे सर आले की उत्साहाने जुलैतच प्रयोग काढायला सांगत. अण्णा म्हणत, "सर, थंडी पडू द्या. तोवर तुम्ही चुंबक घ्या." सरांना ते ऐकावे लागे, कारण मुलांसमोर फजिती कुणाला हवी?

मी त्याच शाळेत होते. आमच्या वर्गाच्या वेळीही सर फळ्याजवळ उभे राहून समजावत होते आणि टेबलाशी अण्णा उभे होते. "मामा, दाखवा," सर म्हणाले. अण्णांनी फ्लॅनेलने तबकडी घासली, थाळी ठेवली, बोट टेकवले, उचलली. एकेका मुलाने पुढे जायचे आणि पेर पुढे करायचे. चट्! हसू, किंचाळी, मग पुढचा. पस्तीस-चाळीस मुले. घरी मला "ए बाय" म्हणणाऱ्या अण्णांनी माझी पाळी आल्यावर इतरांना म्हटले तसेच मलाही म्हटले, "हं, पुढं या." मला त्या दिवशी ठिणगीपेक्षा त्या 'या'चाच झटका जास्त बसला. मी पेर पुढे केले. अण्णांनी नजर थाळीवरून काढली नाही.

रात्री जेवताना मी विचारले, "अण्णा, सर म्हणाले वडी तीच राहते. मग एवढ्या ठिणग्या आल्या कुठून?"

अण्णा म्हणाले, "उचलताना."

"म्हणजे?"

"थाळी रिकामी उचल, आणि बोट लावून उचल. हाताला फरक कळतो. बोट लावलेली थाळी खालनं धरल्यासारखी वाटते. जराशीच. सोडवून घ्यावी लागते तिला. पहिल्या दोनचार वर्षांत मला पण कळलं नव्हतं. मग कळायला लागलं."

पुढे पुस्तकात वाचले ते अक्षरशः हेच. वडीवर ऋण, थाळीत धन, दोघांचे आकर्षण. त्या आकर्षणाविरुद्ध थाळी वर ओढताना हात जे कार्य करतो तेच विद्युत ऊर्जा होऊन थाळीत येते आणि ठिणगीतून बाहेर पडते. उचलण्याची अंतरे आणि बले मोजली, की हिशेब चोख जुळतो. कोरड्या हवेत एक सेंटिमीटरभर ठिणगी उडायला सुमारे ३० हजार व्होल्टचा दाब लागतो. तो सगळा दाब एका मनगटाच्या हलक्याशा उचलीतून तयार होतो. प्रभाराचे प्रमाण अगदी थोडे, म्हणून इजा होत नाही इतकेच. तेव्हा अखंड आहे ती वडी नव्हे. वडी फक्त सरत नाही. अखंड चालतो तो उचलणारा हात. तो हलका चालतो म्हणून हिशेबात दिसत नाही.

मी कला शाखेला आले तेव्हा घरात थोडे वादळ झाले. वादळ म्हणजे अण्णांचे न बोलणे. एकतीस वर्षे विज्ञानाची भांडी धुतलेल्या माणसाला आपल्या मुलीने विज्ञान शिकावे असे वाटणे स्वाभाविक होते. चार दिवसांनी ते म्हणाले, "तुला वाचायचंय ना? वाच. पण जे वाचशील ते मला सांगत जा." तेवढाच करार. तेव्हापासून सुट्टीत घरी गेले की मी सांगते आणि ते ऐकतात. केशवसुत ऐकले, तुकोबांवरची व्याख्याने ऐकली. गेल्या वर्षी मी त्यांना व्होल्टाची गोष्ट सांगितली. कोमो, प्रीस्टलीला लिहिलेले पत्र, मेण आणि राळेची वडी. अण्णा खूश झाले. ज्या थाळीशी जन्म काढला तिचे माहेर कळले! सगळे ऐकून झाल्यावर त्यांनी एकच प्रश्न विचारला, "आणि उचलायला कोण होतं त्याच्याकडं?"

त्या प्रश्नावर मी त्यांना आणखी दोघातिघांची गोष्ट सांगितली, ती इथेही सांगायला हवी; कारण तिचा आपल्या महाविद्यालयाशी फार जवळचा संबंध आहे.

जर्मनीतल्या गटिंगेन विद्यापीठात गेओर्ग क्रिस्टोफ लिश्टेनबेर्ग हा पदार्थविज्ञानाचा प्राध्यापक होता. लहान चणीचा, पाठीला कुबड असलेला, अतिशय तल्लख. आपण त्याला ओळखायला हवे ते वेगळ्या कारणाने. व्यापारी दिवसभराचे व्यवहार जशा कच्च्या वहीत टिपतात, तशा तो मनात येईल ते टिपत असे. त्याच्या मरणानंतर छापल्या गेलेल्या त्या वह्यांतील सुभाषितवजा टिपणे जर्मन वाङ्मयात मोठ्या मानाने वाचली जातात. म्हणजे एका अर्थी हा आपल्या शाखेचाही माणूस. त्याने १७७७ मध्ये सुमारे दोन मीटर व्यासाचा अजस्र इलेक्ट्रोफोरस करवून घेतला. वडी तासून गुळगुळीत करताना राळेची बारीक धूळ खोलीभर झाली होती. ती वडीवर बसली, तेव्हा सगळीकडे सारखी न बसता तिच्या चांदण्या, झाडे, डहाळ्या अशा नक्षी उमटल्या. जिथे जिथे वीज पसरली होती, तिथे तिथे धुळीने तिचे चित्र काढले होते! चिकट कागद दाबून त्याने ती चित्रे उचलूनही घेतली. विजेच्या दोन प्रकारांना अधिक आणि उणे ही चिन्हे वापरायची रीतही त्याचीच.

या धुळीच्या चित्राचे पुढे काय झाले? १९३० च्या दशकात न्यूयॉर्कमध्ये चेस्टर कार्लसन नावाचा एक गृहस्थ पेटंटच्या कचेरीकामात होता. कागदपत्रांच्या नकला करता करता त्याचे हात दुखत, सांधेदुखीही होती. नकला यंत्राने व्हाव्यात म्हणून तो कोरड्या विजेच्या मागे लागला. हातात पैसा कमी, तरी त्याने एक मदतनीस ठेवला. ऑटो कोर्नेई, ऑस्ट्रियातून आलेला, कामाच्या शोधात असलेला पदार्थवैज्ञानिक. २२ ऑक्टोबर १९३८ रोजी ॲस्टोरिया भागातल्या भाड्याच्या एका खोलीत कोर्नेईने जस्ताच्या पत्र्यावर गंधकाचा थर चढवला. काचपट्टीवर काळ्या शाईने तारीख आणि जागेचे नाव लिहिले. गंधकाचा थर कापडाने घासून भारला, त्यावर काचपट्टी ठेवून प्रखर दिवा दाखवला, मग वरून बारीक भुकटी भुरभुरली. जिथे अक्षरांची सावली होती तिथे वीज टिकली आणि भुकटी तिथेच चिकटली. मेणकागद दाबून ती उचलली. वाचता येत होते! पुढे वीसहून अधिक कंपन्यांनी कार्लसनला परत पाठवले. १९५९ साली पहिले यशस्वी यंत्र बाजारात आले आणि त्या कोरड्या लेखनाचे ग्रीकवरून घडवलेले नाव आज आपल्या तोंडी 'झेरॉक्स' म्हणून आहे. परीक्षेच्या आदल्या रात्री ज्या नोट्सच्या झेरॉक्सवर आपण सगळे जगतो, ती या राळेच्या वडीची दूरची पणती आहे. तेव्हा कला शाखेने इलेक्ट्रोफोरसचे ऋण मानायला हरकत नसावी!

कोर्नेई काही महिन्यांतच दुसरीकडे नोकरीला गेला. कंपनी भरभराटीला आल्यावर कार्लसनने त्याला आठवणीने शंभर समभाग पाठवले. मी हे सांगितले तेव्हा अण्णा म्हणाले, "नाव राहिलं का त्याचं?" मी म्हटले, "राहिलं. मी आत्ता घेतलं ना."

अण्णा निवृत्त झाल्यावर त्यांची जागा भरली गेली नाही. प्रयोगशाळेच्या खोलीत आता दुसरा वर्ग बसतो आणि स्थितिक विजेचा धडा भिंतीवरच्या पडद्यावर दाखवतात. चित्रफितीतला प्रयोग जुलैतही फसत नाही. ठिणगी दर वेळी, ठरल्या क्षणी उडते. पण ती कुणाच्याही पेरापर्यंत येत नाही. २०२२ मध्ये जुने सामान भंगारात निघाले. पितळी थाळीला वजनावर भाव आला. एबोनाइटच्या तबकडीला कुणी विचारले नाही. अण्णांनी मुख्याध्यापकांची परवानगी घेतली आणि ती काळ्या कापडासकट घरी आणली.

म्हणजे आमच्याकडे वडी होती, थाळी नव्हती. तिला घासून ठेवली तर ती भारलेली राहायची, पण ते भारलेपण बाहेर काढायला काहीच नाही. गेल्या डिसेंबरात अण्णांनी स्वयंपाकघरातली झाकणे पाहायला घेतली. कड आत वळवलेली हवी. धारदार काठावरून आणि टोकांवरून वीज निसटते. चौथे झाकण पसंत पडले. ॲल्युमिनियमचे, आईच्या भाताच्या पातेल्याचे. मध्यावर प्लॅस्टिकचा पेला उलटा चिकटवून मूठ केली. आई म्हणाली, "माझं झाकण परत येणार आहे का?" अण्णा म्हणाले, "येईल की." ते अजून आलेले नाही.

त्या रात्री दिवा मालवून अण्णांनी ते मला करायला लावले. पहिली ठिणगी बारीक निघाली. दुसऱ्या वेळी बोट काढल्यावर मी झाकण उचलू लागले, आणि खालून कुणीतरी हलकेच धरून ठेवावे तसे वाटले. अण्णांनी सांगितले होते अगदी तसेच. इतके हलके, की आधी कुणी सांगितले नसते तर लक्षातच आले नसते.

मला वाटते, आपल्या अभ्यासातले निम्मे काम एवढेच आहे. संतांची भांडारे अक्षय आहेत, अभिजात ग्रंथ कधी सरत नाहीत, असे आपण उत्तरपत्रिकेत लिहितो, आणि ते खरे असते. पण पोथी स्वतःहून बोलत नाही. कुणी ती लिहून काढली, कुणी वाळवीपासून सांभाळली, कुणी पुन्हा पुन्हा उचलून लोकांच्या पेरापर्यंत आणली. घरातली जेवणे, ग्रंथालयातली जागेवर लावलेली पुस्तके, वर्ग भरण्याआधी पुसलेला फळा. ज्या ज्या गोष्टी आपल्याला आपोआप चालू आहेत असे वाटते, तिथे कुणाचा तरी हात ते किंचित वजन सोसत असतो. जागा रिकामी झाली, की वर्षभर काही बिघडल्यासारखे वाटत नाही, कारण वडी लगेच उतरत नाही. आणि तेवढ्यावरून हाताची गरजच नव्हती असे ठरवून आपण मोकळे होतो.

हा लेख अंकाला देण्याआधी अण्णांना वाचून दाखवला. आपल्याविषयीचा भाग त्यांनी मान खाली घालून ऐकला. संपल्यावर म्हणाले, "सगळं बरोबर आहे. पण फ्लॅनेल आधी उन्हात तापवून घ्यायचं, ते लिहिलं नाहीस. कुणी करून बघायला गेलं तर?"

ते इथे लिहिते आहे. फ्लॅनेल आधी उन्हात तापवून घ्यावे.